दोन चंद्र, ४०० दिवसांचं वर्ष: पौर्णिमेचा हिशोब बसत नाहीये

नकाशावाली

एका काल्पनिक जगाची कालगणना बसवते आहे. आतापर्यंत पक्कं केलेलं असं:

वर्ष ४००.२४ दिवसांचं, दिवस २४ तासांचाच. १० महिने, प्रत्येकी ४० दिवस. आठवडा ८ दिवसांचा, म्हणजे महिन्यात बरोबर ५ आठवडे. थोरला चंद्र ३१ दिवसांत ग्रहाभोवती एक फेरी मारतो, धाकटा १२ दिवसांत. वर्ष १ च्या पहिल्या दिवशी सूर्योदयाला दोन्ही चंद्रांची अमावास्या होती, तिथून गणना सुरू.

कथेची सुरुवात वर्ष ६१२ मधल्या २१७व्या दिवशी, म्हणजे सहाव्या महिन्याच्या १७ तारखेला. त्या रात्री थोरल्याची पौर्णिमा हवी. लीप दिवस धरून आरंभापासून २,४४,७६२ दिवस लोटलेले येतात. त्याला ३१ ने भागलं तर बाकी १७ उरते. पौर्णिमा साडेपंधराव्या दिवशी, म्हणजे ती होऊन जेमतेम दीड दिवस झालेला. एखाद-दुसरा दिवस सरकवला की जमेल असं वाटतंय, पण हिशोबाची पद्धत बरोबर आहे का?

शिवाय तीन अडचणी आहेत. ०.२४ दिवसासाठीचा लीप दिवस आठवड्यात मोजायचा की बाहेर ठेवायचा? देवळातलं पंचांग थोरल्या चंद्रावर चालतं आणि त्यात बारा चांद्रमास आहेत, तर अधिक मास किती वर्षांनी घालावा? आणि दोन्ही चंद्रांची पौर्णिमा एकाच रात्री किती वेळा येईल? "शंभर वर्षांतून एकदा" असं कथेत लिहून बसले आहे.

दुर्बीण

पद्धतीतच चूक आहे, आणि ती मोठी आहे. ३१ दिवस ही चंद्राची ताऱ्यांच्या संदर्भातली फेरी झाली. कला मात्र सूर्याच्या संदर्भात ठरतात. चंद्र एक फेरी पूर्ण करेपर्यंत ग्रह स्वतः सूर्याभोवती पुढे सरकलेला असतो, त्यामुळे पुन्हा अमावास्या गाठायला चंद्राला थोडं जास्त फिरावं लागतं. पृथ्वीच्या चंद्राची फेरी २७.३२ दिवसांची आणि अमावास्या ते अमावास्या अंतर २९.५३ दिवसांचं, ते याच कारणाने.

सूत्र सोपं आहे: वर्षाचे दिवस भागिले फेरीचे दिवस, त्यातून १ वजा केला की एका वर्षातल्या चांद्रमासांची संख्या मिळते.

थोरला: ४००.२४ ÷ ३१ = १२.९११, वजा १ = ११.९११ चांद्रमास. एक चांद्रमास ३३.६०२६४ दिवसांचा.
धाकटा: ४००.२४ ÷ १२ = ३३.३५३, वजा १ = ३२.३५३ चांद्रमास. एक चांद्रमास १२.३७०९० दिवसांचा.

यात गृहीत असं की दोन्ही चंद्र, ग्रह ज्या दिशेने सूर्याभोवती फिरतो त्याच दिशेने फिरतात. एखादा उलट फिरणारा असेल तर १ वजा करण्याऐवजी मिळवायचा. थोरला उलटा फिरवलात तर त्याचा महिना २८.७७ दिवसांवर येईल. त्यामुळे ही दिशा आत्ताच ठरवून टाका, नंतर बदलली तर सगळं पंचांग नव्याने करावं लागेल.

दुसरी गोष्ट दशांशांची. ६१२व्या वर्षापर्यंत थोरल्याचे ७,२८४ महिने होऊन जातात. महिन्याची लांबी ३३.६ धरलीत तर दर महिन्याची ०.००२६४ ची चूक ७,२८४ पट होऊन १९ दिवसांवर जाते. पौर्णिमेची अमावास्या व्हायला एवढी पुरे. ३३.६०३ धरलं तरी अडीच दिवसांहून जास्त फरक पडतो. म्हणून दशांश तोडलेला आकडा वापरूच नका. हिशोबाच्या तक्त्यात थेट (३१ × ४००.२४) ÷ ३६९.२४ हा भागाकार ठेवा. धाकट्यासाठी (१२ × ४००.२४) ÷ ३८८.२४.

आता तुमची तारीख. २,४४,७६२ दिवसांतून ७,२८४ पूर्ण महिने वजा केले की उरतात ०.३५ दिवस. म्हणजे त्या रात्री थोरल्याची अमावास्या आहे. आकाशात तो दिसणारच नाही.

तिथीनिश्चय

अधिक मासाच्या प्रश्नाबद्दल. तुमच्या जगात अधिक मास लागणार नाही, उलटं होणार आहे.

पृथ्वीवर बारा चांद्रमास मिळून साधारण ३५४ दिवस होतात. ते सौर वर्षापेक्षा ११ दिवसांनी कमी, म्हणून अधूनमधून महिना वाढवावा लागतो. तुमच्याकडे १२ × ३३.६०२६४ = ४०३.२३ दिवस. हे वर्षापेक्षा २.९९ दिवसांनी जास्त भरतं. म्हणजे पंचांग दर वर्षी तीन दिवस मागे रेंगाळतं, आणि सुमारे ११.२३ वर्षांनी एक अख्खा महिना गाळावा लागतो. क्षयमास हा तिथला नित्याचा प्रकार असेल. आपल्याकडे तो दुर्मीळ. १९६३-६४ आणि १९८२-८३ मध्ये आला होता, त्यातलं अंतर १९ वर्षांचं, आणि कधीकधी हे अंतर १४१ वर्षांपर्यंत जातं.

चक्र असं बसतं: ११ वर्षांत १३१ महिने धरले तर ०.६९ दिवसाची चूक राहते, १६ वर्षांत ती दिवसभराची होते. त्यापेक्षा ४५ वर्षांत ५३६ महिने धरा. ४५ वर्षं म्हणजे १८,०१०.८ दिवस आणि ५३६ महिने म्हणजे १८,०११.०. फरक जेमतेम पाच तासांचा, म्हणजे दोनशे वर्षांत एक दिवस. ४५ वर्षांत ५४० ऐवजी ५३६ महिने, म्हणजे चार क्षयमास: तीन वेळा अकरा वर्षांनी आणि एकदा बारा वर्षांनी. पृथ्वीवरचं १९ वर्षं आणि २३५ महिन्यांचं चक्र याच जातीचं आहे.

आता कोणता महिना गाळायचा, याचे दोन मार्ग. पहिला ठरावाचा: चक्रातल्या ११व्या, २२व्या, ३३व्या आणि ४५व्या वर्षी शेवटचा महिना नाही. सोपं, पण मग शेवटच्या महिन्यातलं प्रत्येक व्रत, श्राद्ध, वाढदिवस कायमचे अडचणीत. दुसरा मार्ग संक्रांतींचा. वर्षाचे सूर्याच्या स्थितीनुसार बारा समान भाग करा, प्रत्येक ३३.३५ दिवसांचा; सूर्य एका भागातून पुढच्या भागात जातो ती संक्रांत. चांद्रमास त्याहून पाव दिवसाने मोठा आहे, त्यामुळे केव्हातरी एकाच चांद्रमासात दोन संक्रांती सापडतात. त्यातल्या दुसऱ्या संक्रांतीच्या नावाचा महिना गळतो. असं केलं की गळणारा महिना दर वेळी वेगळा असतो आणि तो कोणता, हे ज्योतिष्यांना आधी गणित करून सांगावं लागतं. कथेच्या दृष्टीने मला हा मार्ग फार समृद्ध वाटतो. महिनेवार व्याज आकारणारा सावकार, गळलेल्या महिन्यात जन्मलेला वारस, त्या महिन्यात येणारा राज्यारोहणाचा दिवस, या सगळ्यांचे नियम तिथल्या धर्मशास्त्राला करून ठेवावेच लागतील.

तिथींबद्दल एक सूचना. थोरल्याच्या महिन्यात ३० तिथी ठेवू नका. ३३.६ दिवसांत ३० तिथी म्हणजे प्रत्येक तिथी १.१२ दिवसांची, आणि दर महिन्यात तीन-चार तिथी दोन-दोन सूर्योदय पाहणार. सामान्य माणसाला ते असह्य होईल. ३४ तिथी करा, १७ शुक्ल आणि १७ कृष्ण. मग तिथी ०.९८८ दिवसाची येते. पृथ्वीवरची तिथी सरासरी ०.९८४ दिवसाची असते, म्हणजे वागणूक ओळखीची राहील. सरासरीने पाच महिन्यांत दोन तिथींचा क्षय होईल.

यातूनच साधं, बिनगणिती पंचांगही निघतं: पाच महिन्यांच्या गटात तीन महिने ३४ दिवसांचे आणि दोन ३३ चे, क्रम ३४, ३३, ३४, ३३, ३४. हे सुमारे ३२ वर्षांत एक दिवस चुकतं. ४५ वर्षांच्या चक्रात असे १०७ गट आणि वर एक महिना बसतो. तो सुटा महिना ३४ चा ठेवा आणि चक्रात कुठेतरी एका ३३ च्या महिन्याला ३४ करा. एकूण ३२३ मोठे आणि २१३ छोटे महिने, बरोबर १८,०११ दिवस.

नकाशावाली

क्षयमासाचं डोक्यातच आलं नव्हतं. संक्रांतींचाच मार्ग घेते. पण मग माझे ४० दिवसांचे महिने पूर्ण निरुपयोगी झाले का? ते ना चंद्राशी जुळतात ना ऋतूंशी.

पाटीपेन्सिल

निरुपयोगी का? ते दिवाणी महिने आहेत. प्राचीन इजिप्तचे ३० दिवसांचे बारा महिने आणि वर ५ दिवस हेही असेच चंद्रापासून सुटलेले होते, कारण कर, धान्य आणि मजुरी मोजणाऱ्याला सारख्या लांबीचा महिना हवा असतो. तुमच्या जगात ४० दिवसांचा महिना कचेरीचा आणि ३३-३४ दिवसांचा महिना देवळाचा. दोन्ही एकाच वेळी चालू द्या. फक्त पात्रानुसार कोण कोणती तारीख सांगतो ते नीट पाळा. खजिनदार "सहाव्याची १७" म्हणेल, पुजारी तिथी सांगेल.

लीप दिवस: दर चौथ्या वर्षी एक, शंभराने भाग जाणाऱ्या वर्षी नाही. १०० वर्षांत २४ दिवस, म्हणजे बरोबर ०.२४. पृथ्वीवर जशी ४०० वर्षांची तिसरी अट लावावी लागते तशी इथे लागत नाही. दिवस वर्षाच्या शेवटी ठेवा, ४०१वा म्हणून. मध्ये घातलात तर त्यानंतरच्या प्रत्येक तारखेच्या सूत्रात एक अट वाढते.

या दोन नियमांवरून कोणत्याही तारखेचा अहर्गण, म्हणजे आरंभापासून तो दिवस कितवा हा आकडा, निघतो:

अहर्गण = ४०० × (वर्ष − १) + [(वर्ष − १) ÷ ४] − [(वर्ष − १) ÷ १००] + वर्षातला दिवस

चौकोनी कंसातल्या भागाकाराचा फक्त पूर्णांक घ्यायचा. तुमच्या तारखेसाठी: २,४४,४०० + १५२ − ६ + २१७ = २,४४,७६३. लोटलेले दिवस त्याहून एक कमी, म्हणजे तुमचा आकडा बरोबर होता. वर्ष १ चा पहिला दिवस म्हणजे अहर्गण १, हे कथेच्या टिपणात सगळ्यात वर लिहून ठेवा. "लोटलेले" आणि "चालू" यांतला एकाचा फरक हीच काल्पनिक कालगणनांमधली सर्वाधिक आढळणारी चूक. वर्षांच्या बाबतीतही तेच: शून्य वर्ष नसेल तर आरंभापूर्वीच्या तिसऱ्या वर्षापासून नंतरच्या पाचव्या वर्षापर्यंत ८ नव्हे, ७ वर्षं होतात.

आता आठवडा. लीप दिवस बाहेर ठेवलात तर प्रत्येक वर्ष पहिल्याच वारी सुरू होईल आणि "सहाव्याची १७" कायम पहिल्याच वारी येईल. राज्यकर्त्याला हे फार आवडतं. पण लोक वाराची साखळी सहजी तुटू देत नाहीत. १५८२ मध्ये ग्रेगोरियन कालगणना सुरू झाली तेव्हा ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला, दहा दिवस गाळले गेले, तरी गुरुवारनंतर शुक्रवारच आला. फ्रान्सने क्रांतीनंतर दहा दिवसांचा आठवडा आणला, तो फार काळ टिकला नाही. सोव्हिएत संघाने १९२९ पासून पाच आणि मग सहा दिवसांचे आठवडे करून पाहिले आणि १९४० मध्ये सात दिवसांवर परत आले. म्हणून माझं मत: वार अखंड चालू ठेवा. मग अहर्गणाला ८ ने भागून उरलेली बाकी म्हणजे वार. २,४४,७६३ ची बाकी ३, तिसरा वार. ४०० ला ८ ने पूर्ण भाग जात असल्याने साधं वर्ष संपल्यावर वार बदलत नाही, लीप वर्षानंतर एकाने पुढे सरकतो. लोकांच्या तोंडी नियम म्हणून हा सहज बसेल.

आठ दिवसांच्या चक्राला "आठवडा" हे नाव मात्र शब्दशः शोभतं. आपण सात दिवसांना आठवडा म्हणतो ते दोन्ही टोकं मोजून. रोमन लोकांचं बाजाराचं चक्रही आठ दिवसांचं होतं आणि त्याच मोजणीमुळे त्याच्या नावात नऊ होता. तुमच्या लोकांनी दोन्ही टोकं मोजली तर "नववडा" म्हणतील. अशा एका शब्दाने त्या जगाची मोजायची सवय वाचकाला कळते.

आणखी एक शक्यता: शंभराव्या वर्षाची सूट सुरुवातीला कुणाला ठाऊक नव्हती असं समजा. मग ६१२ पर्यंत ६ लीप दिवस जादा पडलेले असतील आणि गणिती लोक सहा दिवस गाळायची मागणी करत असतील. एखाद्या प्रांताने ते मानलं आणि शेजारच्याने नाही, तर सीमेच्या दोन बाजूंना दोन तारखा. पृथ्वीवर हे झालेलं आहे. ब्रिटनने १७५२ मध्ये, म्हणजे १५८२ च्या त्या बदलानंतर १७० वर्षांनी, अकरा दिवस गाळले. स्वीडनने मधला मार्ग शोधताना गोंधळ घातला आणि १७१२ मध्ये तिथे ३० फेब्रुवारी ही तारीख आली.

ऋतूंसाठी १०० दिवसांचे चार समान तुकडे करू नका. कक्षा थोडीही लंबवर्तुळाकार असली तरी ते असमान होतात. पृथ्वीवर उत्तर गोलार्धातला खगोलीय हिवाळा सुमारे ८९ दिवसांचा आणि उन्हाळा सुमारे ९३.६ दिवसांचा. तुमच्याकडे ९७, १०१, १०३, ९९ असं काही ठेवा.

नकाशावाली

मग पौर्णिमा कोणत्या दिवशी करू? आणि जोडपौर्णिमेचं "शंभर वर्षांतून एकदा" टिकतं का?

दुर्बीण

पौर्णिमा २३३व्या दिवशी. त्या दिवशी सूर्योदयाला थोरल्याचं वय, म्हणजे अमावास्येपासून लोटलेले दिवस, १६.३५, पौर्णिमेचा क्षण १६.८० ला, म्हणजे सूर्योदयानंतर सुमारे ११ तासांनी. सूर्य मावळताना पूर्वेला पूर्ण बिंब वर येईल, प्रवेशासाठी याहून चांगली वेळ नाही. तारीख सहाव्या महिन्याची ३३. वारसुद्धा तिसराच राहतो, कारण १६ दिवस म्हणजे दोन आठवडे.

धाकटा मात्र त्या रात्री पौर्णिमेच्या दीड दिवसापुढे गेलेला असेल. त्याचा सुमारे ८४ टक्के भाग उजळ दिसेल आणि तो सूर्यास्तानंतर साधारण साडेतीन तासांनी उगवेल. रोजच्या चंद्रोदयाला किती उशीर होतो ते काढायला २४ तासांना (चांद्रमास − १) ने भागा. थोरला रोज ४४ मिनिटं उशिरा उगवतो, धाकटा तब्बल २ तास ७ मिनिटं. धाकट्याची कोर तीन दिवसांत अर्धं बिंब होते. एका प्रकरणात संध्याकाळी पश्चिमेला बारीक कोर दाखवली आणि तीन रात्रींनी पुन्हा कोरच दाखवली, तर नेमक्या वाचकाला ते लगेच खटकेल.

"शंभर वर्षांतून एकदा" टिकत नाही. थोरल्याचे ७ महिने म्हणजे २३५.२२ दिवस आणि धाकट्याचे १९ महिने म्हणजे २३५.०५. फरक फक्त चार तासांचा. दोन पौर्णिमांत अर्ध्या दिवसापर्यंतचा फरक चालवून घेतला तर दर २३५ दिवसांनी जोडपौर्णिमा येते, अशा पाच-सहा लागोपाठ येतात, मग चार-चार तास घसरत ती साखळी तुटते आणि साधारण तीन वर्षं एकही येत नाही. एक आवर्तन सहा वर्षांचं. सरासरी पाहिली तर वर्षाला जवळपास एक. पण "दर वर्षी एक" असं कुणाच्या अनुभवाला येणार नाही. लोक "जोडीची वर्षं" आणि "सुनी वर्षं" असं म्हणतील.

सात आणि एकोणीस हे दोन्ही विषम आकडे आहेत, हे माझ्या दृष्टीने यातलं सगळ्यात सुंदर. त्यामुळे जोडपौर्णिमेनंतर बरोबर निम्म्या अंतरावर, ११७-११८ दिवसांनी, थोरल्याचे साडेतीन आणि धाकट्याचे साडेनऊ महिने होतात, म्हणजे जोडअमावास्या. दोन्ही वेळी सूर्य आणि दोन्ही चंद्र एका रेषेत, म्हणून उधाण मोठं. बंदराच्या गावात याचं वेगळं पंचांग असणारच. किती मोठं, ते चंद्रांच्या वस्तुमानावर आणि अंतराच्या घनावर अवलंबून. फेऱ्यांचे काळ ३१ आणि १२ असतील तर थोरला धाकट्यापेक्षा १.८८ पट लांब असतो, तेव्हा सारख्याच वस्तुमानाचा धाकटा ६.७ पट जास्त ओढेल. किनारी गावं वाचवायची असतील तर धाकट्याला हलका करा.

कक्षांचा तिरपेपणाही ठरवा. तो शून्य ठेवलात तर प्रत्येक पौर्णिमेला ग्रहण लागेल. पृथ्वीच्या चंद्राचा तिरपेपणा ५ अंशांच्या आसपास आहे, तेवढा ठेवा.

तुमच्या आरंभबिंदूवरून पाहिलं तर पहिली जोडपौर्णिमा वर्ष १ च्या ११८व्या दिवशी आली. आणि कथेच्या वर्षात थोरल्याच्या त्या पौर्णिमेनंतर चार चांद्रमासांनी पुन्हा येते: ६१२ चा ३६७वा दिवस, दहाव्या महिन्याची ७ तारीख. थोरला मध्यरात्रीनंतर पावणेतीन तासांनी पूर्ण होतो आणि धाकटा त्याच रात्री सूर्योदयाच्या जरासा आधी.

तिथीनिश्चय

एक भर. ती रात्र कोणत्या तारखेची, हे दिवस केव्हा सुरू होतो यावर ठरेल. सूर्योदयापासून धरलात तर पहाटेपर्यंत ७ तारीखच. सूर्यास्तापासून धरलात तर ती ८ ची रात्र, आणि मध्यरात्रीपासून धरलात तर दोन्ही पौर्णिमा ८ ला. तुमचा आरंभ सूर्योदयाचा आहे, म्हणून कचेरीत ७ लिहितील. देऊळ सूर्यास्तापासून मोजत असेल तर तिथल्या नोंदीत ८ येईल, आणि कथेत दोन्ही कागद सापडले तर तारखांमधला फरक तसाच राहू द्या.